कात्री आणि सहा हजार फूट

सोमवारपासून मद्रास, आठवडा संपला की बंगळूर, आणि पुढच्या सोमवारी पुन्हा मद्रास. हे वेळापत्रक आजच्या एखाद्या संगणक अभियंत्याचं वाटेल. पण ते आहे १९१६-१७ च्या सुमाराचं, आणि ते पाळणारा माणूस होता मोटारींचा आणि त्यांच्या सुट्या भागांचा व्यापारी. बंगळूरला जाताना त्याच्याबरोबर आठवडाभर चित्रित केलेली फिल्म असायची. वाटेत डब्याचं झाकण जरा उघडलं की सगळं मुसळ केरात!

या गृहस्थांचं नाव आर. नटराज मुदलियार. दक्षिण हिंदुस्थानातला पहिला कथाचित्रपट त्यांनी काढला. त्याचं नाव ‘कीचक वधम्’. निर्माते तेच, दिग्दर्शक तेच, कॅमेऱ्याचा दांडा फिरवणारे तेच आणि फिल्म कापून जोडणारेही तेच. पहिल्या तीन कामांसाठी त्यांचं नाव दक्षिणेच्या चित्रपट-इतिहासात आदरानं घेतलं जातं. चौथ्याबद्दल मात्र फारसं कुणी बोलत नाही. आणि बोलणार तरी कसं? नटाची छायाचित्रं मागे राहतात, कथा पुस्तकात राहते, निर्मात्याचा जमाखर्च कुठल्यातरी वहीत राहतो. संकलकाचं काम राहतं ते फक्त फिल्मवर, दोन तुकड्यांच्या जोडात. फिल्म गेली की तो माणूस मुळी नव्हताच!

मुदलियार मूळचे वेल्लोरचे, जन्म १८८५ चा. घरात व्यापार. मद्रासला येऊन चुलतभावाबरोबर त्यांनी आधी सायकलींचं दुकान काढलं. नंतर ‘रोमर डॅन अँड कंपनी’ विकत घेतली. ही कंपनी अमेरिकन मोटारी आणि त्यांचे भाग आयात करत असे. मोटार ही त्या वेळी बड्यांची चीज, त्यामुळे धंदा बरा चालला होता. असा माणूस चित्रपटाच्या नादी का लागला असेल? कारण आपल्या ओळखीचं आहे. दादासाहेब फाळक्यांचे चित्रपट मद्रासला येऊन पोचले होते. ‘राजा हरिश्चंद्र’ पाहून फाळक्यांच्या वाटेनं जावंसं ज्यांना ज्यांना वाटलं, त्यांत हा वेल्लोरचा व्यापारीही होता.

पण वाटणं वेगळं आणि येणं वेगळं. मद्रासमध्ये हे काम शिकवणारं कुणी नव्हतं. चित्रपट दाखवणारे होते. रेल्वेतली नोकरी सोडून सामिकण्णू व्हिन्सेंट यांनी १९०५ साली द्युपाँ नावाच्या फ्रेंच माणसाकडून प्रक्षेपक आणि काही फिल्म विकत घेतल्या होत्या आणि ते तंबू घेऊन गावोगाव खेळ करत होते. माउंट रोडवर मेजर वॉरविक यांचं इलेक्ट्रिक थिएटर होतं. (त्याची इमारत अजून उभी आहे. पुढे तिच्यात टपालखात्याचं तिकीट-संग्राहकांसाठीचं कार्यालय आलं.) रघुपती वेंकय्यांनी १९१४ मध्ये गेटी हे चित्रपटगृह बांधलं. पाहायला पडदे होते, पण कॅमेऱ्यात फिल्म कशी भरायची, धुवायची कशी, कापायची कशी, हे सांगणारा गुरू नव्हता.

तो गुरू सापडला पुण्यात. स्ट्युअर्ट स्मिथ नावाचे एक ब्रिटिश छायाचित्रणकार त्या वेळी पुण्यात काम करत होते. मुदलियारांनी त्यांच्याकडे धडे घेतले. मद्रासच्या चित्रपटाची मुळाक्षरं अशी पुण्यात गिरवली गेली, तीही एका इंग्रजाच्या हाताखाली. आज मराठी माणूस चित्रपटाच्या जन्माची गोष्ट सांगतो तेव्हा त्यात मुंबई असते, नाशिक असतं, कोल्हापूर तर असतंच. पुण्याची ही छोटीशी शिकवणी त्यात कुठे येत नाही.

शिक्षण झाल्यावर मुदलियारांनी तंजावरकडच्या मूप्पनार नावाच्या एका जमीनदाराकडून कॅमेरा आणि छपाईचं यंत्र विकत घेतलं. किंमत पडली १,८०० रुपये. मग पुरसवाक्कममधल्या मिलर्स रोडवर स्टुडिओ उभा राहिला आणि ‘इंडिया फिल्म कंपनी’ सुरू झाली. स्टुडिओ म्हटल्यावर भिंती आणि दिवे डोळ्यांपुढे येतात. इथे दिवा एकच, वरचा सूर्य! छताच्या जागी पातळ पांढरं कापड ताणलेलं. मद्रासचं ऊन त्यातून गाळून खाली येई आणि त्या उजेडात विराटाचा राजवाडा उभा राही.

विराट म्हणजे कीचक आलाच. मराठी वाचकाला ‘कीचकवध’ म्हटलं की कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर आठवतात. १९०७ चं त्यांचं नाटक, त्यातल्या कीचकात प्रेक्षकांनी पाहिलेला लॉर्ड कर्झन आणि १९१० मध्ये सरकारनं घातलेली बंदी, हे सगळं आपल्याला पाठ असतं. मुदलियारांपुढची अडचण निराळी होती. घरातल्यांना विषयच पसंत नव्हता. परस्त्रीच्या मागे लागलेल्या माणसाची गोष्ट, आणि तीही पडद्यावर! तमिळ रंगभूमीचे मोठे नाटककार पम्मल संबंध मुदलियार यांनी धीर दिला, तेव्हा हा विषय नक्की झाला. त्यांच्याच सुगुण विलास सभेतले वकील आणि हौशी नट रंगवडिवेलू यांनी नटांची तालीम घेतली. राजा मुदलियार कीचक झाले, जीवरत्नम् द्रौपदी झाल्या. चित्रण संपायला पाचएक आठवडे लागले. खर्च झाला ३५,००० रुपये. लांबी भरली सहा हजार फूट.

आता ही सहा हजार फुटांची भानगड जरा समजून घेतली पाहिजे. पस्तीस मिलिमीटरच्या फिल्मवर एका फुटात सोळा चित्रं बसतात. मूकपटाच्या काळात कॅमेरा हातानं फिरवायचा. सेकंदाला साधारण सोळा चित्रं, म्हणजे सेकंदाला एक फूट. सहा हजार फूट म्हणजे सहा हजार सेकंद, शंभर मिनिटं. कापणाऱ्याला हा हिशेब फार सोयीचा. दृश्य पाच सेकंद हवं? पाच फूट मोजा आणि कात्री लावा. खणाळ्याकडे खण मोजतात तसं! गंमत म्हणजे आपल्या मुदलियारांची कातडी मूळची दुकानदाराचीच होती. मापात त्यांचा हात बसलेला असणार.

पण कापण्याआधी फिल्म धुवायला हवी, आणि बंगळूरच्या फेऱ्या त्यासाठी होत्या. फिल्मवरचा प्रकाशाला जागा होणारा थर सरसात कालवलेला असतो. पाणी कोमट झालं की सरस मऊ पडतो, सुटतो, चित्र लोळागोळा होतं. बर्फ आणि थंड खोल्या आजच्यासारख्या हाताशी नसताना मद्रासच्या हवेत हे काम जिवावरचं. म्हणून मुदलियारांनी बंगळूरच्या थंड हवेत धुण्या-छापण्याची सोय केली. तिथलं काम नारायणस्वामी आचारी नावाचे त्यांचे सहायक पाहत. आठवडाभर मद्रासला चित्रण करायचं, रिळं घेऊन बंगळूर गाठायचं, तिथे धुऊन काय आलंय ते पाहायचं, आणि सोमवारी परत येऊन पुढचं दृश्य. एखादं दृश्य फसलं असेल तर ते आठवड्यानंतर कळणार! तोवर नटाची दाढी वाढलेली आणि राजवाडा मोडून जंगल लावलेलं.

धुतलेली फिल्म हाती आली की खरं संकलन सुरू. त्या काळी हलतं चित्र पाहत पाहत कापायचं यंत्र नव्हतं. मूव्हिओला आलं १९२४ मध्ये, तेही हॉलिवूडला. त्याआधी साधनं म्हणजे खालून उजेड असलेली काच, भिंग, कात्री, ब्लेड आणि फिल्म चिकटवायचं सिमेंट. फिल्म उजेडावर धरायची. अंगठ्यानं पुढे सरकवत एकेक चित्र वाचायचं. भीमाचा हात कुठल्या चित्रात वर गेला, कीचकाची मान कुठल्या चित्रात वळली, हे डोळ्यांनी टिपायचं. मग कापायचं. कापलेल्या टोकावरचा थर ब्लेडनं खरवडायचा, सिमेंटचा पुसटसा हात फिरवायचा, दुसऱ्या तुकड्याचं टोक त्यावर ठेवून दाबून धरायचं. सिमेंट कमी पडलं तर पडद्यावर खेळ चालू असताना जोड सुटतो आणि चित्रपटगृहात शिट्ट्या. जास्त झालं तर चित्रावर डाग. चित्र हलताना कसं दिसेल हे सगळं मनात. गवई तंबोरा न घेता सूर लावून पाहतो, तसलं हे काम.

त्यात आणखी एक गोष्ट आजच्या प्रेक्षकाच्या लक्षात येत नाही. मूकपटात मधूनमधून मजकुराच्या पाट्या येत. “सैरंध्री, भिऊ नकोस” असं पात्र बोलायचं नाही, पाटी बोलायची. ‘कीचक वधम्’च्या पाट्या तीन भाषांत होत्या: तमिळ, हिंदी आणि इंग्रजी. तमिळ मजकूर पम्मल संबंध मुदलियारांचा. हिंदी मजकूर गांधीजींचे चिरंजीव देवदास गांधी यांनी लिहिला असं सांगतात. इंग्रजीसाठी पचैयप्पा कॉलेजातली विद्वान मंडळी होती. या पाट्या वेगळ्या छापून, कापून, नेमक्या जागी जोडायच्या, हेही संकलकाच्याच माथी. पाटी किती वेळ ठेवायची? भरभर वाचणारा कॉलेजातला मुलगा कंटाळू नये, आणि अक्षर अक्षर लावत मोठ्यानं वाचणाऱ्या आजोबांचं वाचन अर्धवट राहू नये. आणि ज्याला वाचताच येत नाही त्यानं काय करावं? त्याच्यासाठी दृश्यच असं लावायचं की पाटी नसली तरी चालेल. दक्षिणेत चार भाषा, चार लिप्या. तिथला मूकपट बोलत नव्हता म्हणूनच सगळीकडे चालला हे खरं, पण तो चालवायला कुणीतरी कात्री घेऊन बसलेलं होतं.

चित्रपट मद्रासच्या एल्फिन्स्टन थिएटरमध्ये लागला. हिंदुस्थानात, ब्रह्मदेशात, सिलोनमध्ये, मलाया-सिंगापुरात त्याचे खेळ झाले. पन्नास हजारांच्या घरात उत्पन्न आलं. म्हणजे मुद्दल सुटून वर पंधरा हजार नफा! १९१६, १७ की १८, या सालाबद्दल अभ्यासक अजून भांडतात. नफ्याबद्दल मात्र सगळ्यांचं एकमत दिसतं.

मद्रासच्या गल्ल्याची याहून रंगलेली गोष्ट आपल्या फाळक्यांची आहे. १९१७ च्या ‘लंकादहन’नं मद्रासमध्ये इतका पैसा केला, की नाण्यांच्या थैल्या बैलगाडीत घालून पोलीस बंदोबस्तात न्याव्या लागल्या म्हणतात. ही गोष्ट प्रत्येक पुस्तकात असते. पण ज्या रिळांवर तो पैसा मिळाला ती रिळं घडवण्यात कुणाचे हात होते, हे सांगताना दोन ओळीत भागवतात. ते हात सरस्वतीबाई फाळक्यांचे होते.

फाळके १९१२ मध्ये लंडनला जाऊन आले, हेपवर्थ यांच्या स्टुडिओत काम पाहून आले, विल्यमसन कॅमेरा आणि फिल्मच्या कडेला भोकं पाडायचं यंत्र घेऊन आले. कच्ची फिल्म तेव्हा बिनभोकांची येई. ही भोकं अंधारात पाडायची, एकही वाकडं पडता कामा नये, नाहीतर पडद्यावर रामचंद्र नाचायला लागायचे! हे काम सरस्वतीबाई करत. रसायनं कालवणं, चित्रणाच्या वेळी उन्हात पांढरी चादर धरून उजेड परतवणं, साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक आणि मग रात्री फिल्म कापणं-जोडणं. त्याआधी स्वतःचे दागिने गहाण पडलेलेच होते. भारतातल्या पहिल्या संकलक म्हणून आता त्यांचं नाव घेतात. बरं वाटतं. पण त्या हयात असताना त्यांना कुणी ‘संकलक’ म्हणून हाक मारली असेल, असं मानणं कठीण आहे. घरातली बाई घरचं काम करते, त्यातलंच हे एक.

हे फक्त आपल्याकडेच होतं असं नाही. युरोपात मूकपटांच्या काळात फिल्म कापायच्या खोल्यांतून बायका भरलेल्या असत. शिवणकाम, विणकाम, मोत्यांचं काम यांसारखंच हेही बारीक हातांचं काम, म्हणून ते बायकांचं, असा सरळ हिशेब. पगार कमी आणि पडद्यावर नाव नाही. पुढे हिचकॉकची पत्नी म्हणून ओळखली गेलेली आल्मा रेव्हिल १९१५ च्या सुमाराला, पोरवयातच, लंडनजवळच्या ट्विकनहॅम स्टुडिओत हेच काम करायला लागली होती. मॉस्कोत येलिझावेता स्विलोवा नावाची मुलगी बाराव्या वर्षी फिल्मच्या प्रयोगशाळेत लागली. फिल्म पुसायची, निवडायची. चौदाव्या वर्षापर्यंत ती कापायला लागली. पुढे तिनं झिगा व्हेर्तोव्ह या दिग्दर्शकाशी लग्न केलं आणि त्याचे चित्रपट तीच कापू लागली.

या स्विलोवाचं नशीब एका बाबतीत निराळं. १९२९ च्या ‘कॅमेरावाला माणूस’ या चित्रपटात व्हेर्तोव्हनं तिला कामाच्या टेबलाशीच पडद्यावर आणलं. मागे फळ्यांवर गुंडाळ्या लावलेल्या, हातात फिल्मची पट्टी, समोर उजेडाची काच. पट्टीतलं एक लहान मूल स्तब्ध असतं. ती बाई पट्टी पुढे सरकवते आणि ते मूल पडद्यावर हसायला लागतं! संकलकाच्या हातात काय असतं, ते समजून घ्यायला याहून चांगलं दृश्य नाही. १९५४ मध्ये व्हेर्तोव्ह वारला. त्यानंतर १९७५ मध्ये स्वतः जाईपर्यंत स्विलोवानं त्याचे कागद, चिठ्ठ्या, लेख जपले आणि छापवून आणले. नवऱ्याचं नाव तिनं राखलं, आणि नवऱ्याच्या एका चित्रपटानं तिचं. मद्रासच्या मुदलियारांना असं टेबलाशी बसलेलं कुणी टिपलं नाही. फाळक्यांनी मात्र स्वतःच्या कामाची एक छोटी फिल्म केली होती, ‘चित्रपट कसे तयार करतात’, आणि तिचा काही भाग सुदैवानं आहे.

मुदलियारांनी ‘कीचक वधम्’नंतर ‘द्रौपदी वस्त्रापहरणम्’ काढला. स्त्रीपात्रासाठी कुलीन घरातली बाई मिळणं अशक्यच, तेव्हा द्रौपदी झाली एक अँग्लो-इंडियन बाई. मग ‘लव कुश’, ‘रुक्मिणी सत्यभामा’, ‘मार्कंडेय’ असे पौराणिक चित्रपट होत गेले. मद्रासमध्ये आता दुसरीही माणसं या धंद्यात उतरू लागली होती. गेटी थिएटरच्या वेंकय्यांनी मुलगा रघुपती प्रकाश याला हे शास्त्र शिकायला परदेशी धाडलं. तो लंडनजवळच्या बार्कर कंपनीत शिकला. परत येऊन त्यानं १९२१ मध्ये ‘भीष्म प्रतिज्ञा’ काढला. पुण्यातल्या इंग्रजाकडे शिकलेला एक आणि लंडनला जाऊन शिकलेला दुसरा. युरोपातली कात्री मद्रासला पोचली ती या दोन वाटांनी. प्रकाशच्या हाताखाली पुढची पिढी तयार झाली. त्यातले ए. नारायणन् यांनी १९२९ मध्ये जनरल पिक्चर्स कॉर्पोरेशन काढून मूकपटांचा सपाटा लावला. (त्यांच्या पत्नी मीनाक्षी या बोलपटाच्या काळात ध्वनिमुद्रणाचं काम करू लागल्या. देशातल्या त्या पहिल्या स्त्री ध्वनिमुद्रक समजल्या जातात. त्यांच्यावर स्वतंत्र लेखच व्हायला हवा.)

या सगळ्यात मुदलियार मात्र नव्हते. १९२३ मध्ये आग लागली आणि त्या आगीत त्यांचा मुलगा गेला. त्याच वर्षी त्यांची चित्रपट कंपनी बंद झाली. मुदलियार तेव्हा अडतीस वर्षांचे होते. त्यानंतर जवळजवळ पन्नास वर्षं ते जगले. त्या पन्नास वर्षांत मद्रास चित्रपटांचं शहर झालं. कोडंबाक्कमला स्टुडिओंची रांग लागली, चित्रपटांचे लेखक मुख्यमंत्री झाले. ज्यानं पहिला चित्रपट कापला तो माणूस हे सगळं बाजूला बसून पाहत होता.

आणि त्यांचे चित्रपट? एकही उरलेला नाही. एक तुकडाही नाही.

यात नवल वाटायचं कारण नाही. त्या वेळची फिल्म नायट्रेटची. जात अशी, की एकदा पेटली तर स्वतःच्याच पोटातल्या प्राणवायूवर जळते. पाण्यात बुडवली तरी विझत नाही. जळली नाही तर सडते. आधी चिकट होते, मग तिची भुकटी होते. आणि यातूनही वाचली तर माणूस आहेच. फिल्मच्या थरात चांदी असते. खेळून खेळून झिजलेली रिळं भंगारात जात, धुऊन चांदी काढून घेत. जुना चित्रपट पुन्हा कोण पाहणार? बोलपट आल्यावर तर मूकपटाला रद्दीचा भाव उरला.

बोलपटाचं स्वागत मद्रासनं कसं केलं तेही ऐकण्यासारखं आहे. पहिला तमिळ बोलपट ‘कालिदास’ मुंबईत तयार झाला आणि ३१ ऑक्टोबर १९३१ ला मद्रासच्या किनेमा सेंट्रलमध्ये लागला. रिळांचे डबे सेंट्रल स्टेशनवर उतरले तेव्हा लोकांनी रस्त्याच्या दुतर्फा गर्दी केली, डब्यांवर फुलं उधळली, नारळ फोडले, कापूर ओवाळला, असं सांगतात. देवाची पालखीच जणू! नायिका होत्या टी. पी. राजलक्ष्मी. मूकपटांतून आलेल्या या बाईंनी १९३६ मध्ये ‘मिस कमला’ हा चित्रपट स्वतः लिहिला, दिग्दर्शित केला आणि संकलितही केला. फुलं उधळलेला ‘कालिदास’ही आज नाही.

दक्षिणेत मूकपटांच्या काळात सव्वाशेच्या आसपास कथाचित्रपट झाले, अशी अभ्यासकांची मोजणी आहे. त्यांतला उरला एक. फक्त एक! तो का उरला, ही कथाच चित्रपटासारखी आहे.

त्या कथेच्या आधी एका न उरलेल्या चित्रपटाबद्दल सांगायला हवं. त्रावणकोरचे जे. सी. डॅनियल हे काम शिकायला मद्रासला आले होते. तिथे कुणी दार उघडेना, म्हणून ते मुंबईला गेले आणि शिकून परतले. १९३० च्या सुमारास त्यांनी ‘विगतकुमारन्’ हा पहिला मल्याळी चित्रपट काढला. लेखन, दिग्दर्शन, चित्रण, संकलन सगळं त्यांचंच. नायिका पी. के. रोझी दलित. तिनं पडद्यावर नायर स्त्री रंगवली म्हणून प्रेक्षकांनी दंगा केला आणि तिला परागंदा व्हावं लागलं. डॅनियल कर्जात बुडाले. घरी उरलेली फिल्म लहान मुलाच्या हाती लागली. पेटवली की निळी ज्योत निघते, म्हणून त्यानं एकेक तुकडा खेळायला घेतला आणि खेळता खेळता संपवला. मुलाला काय ठाऊक! बापाची कितीतरी रात्रींची कापाकाप ती.

आता तो उरलेला चित्रपट. ‘मार्तंड वर्मा’, १९३३. निर्माते आर. सुंदरराज हे डॅनियल यांचे नातलग. दिग्दर्शक पी. व्ही. राव. कथा सी. व्ही. रामन पिळ्ळै यांच्या प्रसिद्ध कादंबरीवरून घेतलेली. अडचण अशी, की कादंबरीचे हक्क होते कमलालय बुक डेपो या प्रकाशनसंस्थेकडे. चित्रपट त्रिवेंद्रमच्या कॅपिटॉल थिएटरला लागला आणि थोड्याच दिवसांत प्रकाशक कोर्टात गेले. खेळ बंद पडले, प्रत जप्त झाली. निर्माता बुडाला. पण जप्त झालेल्या वस्तूचं एक बरं असतं, ती कुणी वापरत नाही! ना कुणी गावोगाव तिचे खेळ करून ती झिजवली, ना चांदीसाठी धुतली. पुस्तकवाल्यांकडे ती पडून राहिली. थोडीथोडकी नाही, चाळीस वर्षं. १९७४ मध्ये राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयानं ती मिळवली.

हे संग्रहालय पुण्यात, लॉ कॉलेज रस्त्यावर. १९६४ मध्ये ते स्थापन झालं आणि पी. के. नायर यांनी गावोगाव, गोदामागोदामांतून रिळं गोळा करत ते उभं केलं. ‘राजा हरिश्चंद्र’ची पहिली आणि चौथी अशी दोन रिळं हाती आहेत, तीही इथलीच ठेव. तिथेही सगळं सुरळीत झालं असं नाही. जानेवारी २००३ मध्ये नायट्रेट फिल्मच्या कोठाराला आग लागली आणि मोठा साठा काही तासांत गेला. मुदलियारांना तेव्हा जाऊन तीस वर्षं झाली होती. असते तर त्यांना ती आग नवी वाटली नसती.

मद्रासमध्ये पुढे संकलकांची मोठी परंपरा झाली. ए. भीमसिंग संकलनाच्या टेबलावरूनच दिग्दर्शनाकडे गेले. त्यांचे चिरंजीव बी. लेनिन यांनी कात्री हेच आयुष्य मानलं. श्रीकर प्रसाद यांचे वडील संजीवी हेही संकलक. लेनिन आणि श्रीकर प्रसाद या दोघांच्याही घरी राष्ट्रीय पुरस्कार आले, आणि तेही अनेकदा. आता कात्रीही नाही आणि सिमेंटही नाही. संगणकावर बटण दाबलं की दृश्य कापलं जातं, पसंत नसलं तर पुन्हा जोडलं जातं. पडद्यावर संकलकाचं नाव स्वतंत्र पाटीवर येतं. प्रेक्षक अजूनही ती पाटी येईपर्यंत खुर्चीवर नीट बसलेला नसतो, ही गोष्ट वेगळी.

ज्या शहरात मुदलियार कॅमेऱ्याचे पहिले धडे गिरवायला आले, त्याच शहरात दक्षिणेच्या मूकपटांचं एकुलतं एक अवशेष सांभाळलेलं आहे. ते मुदलियारांच्या हातचं नाही. पण त्यात दरबारातून जंगलात, जंगलातून लढाईत दृश्य बदलतं, आणि बदलतं त्या प्रत्येक जागी कुणीतरी फिल्म उजेडावर धरून, फूट मोजून, कात्री लावलेली आहे.